नुसतं बसण्याबद्दल

“या चित्राला किती वेळ लागला?” हा प्रश्न मला सगळ्यात जास्त विचारला जातो. मुलांच्या पुस्तकांसाठी चित्रं काढणं हे माझं काम, दिवाळीच्या आधी अंकांचीही थोडी कामं असतात. कागदावर ब्रश टेकला तिथपासून मोजलं तर एक दुपार, फार तर दोन दिवस. लोक मनातल्या मनात तेवढाच हिशोब करतात, अगं मग पंधरा चित्रं महिन्याभरात होतील की! पण गोष्ट पहिल्यांदा वाचली आणि ब्रश टेकला याच्यामधे जे दिवस जातात, ज्यात मी काहीच करत नसते, खिडकीत बसून समोरच्या बिल्डिंगच्या टाकीवरचे पारवे बघते, चहा गार होतो, तो परत गरम करते, परत गार होतो, ते दिवस कुणी धरत नाही. ते बिलात धरावेत असं माझं म्हणणंच नाही. ते असावेत एवढंच म्हणणं आहे. माझ्या ओळखीतले जे चित्रं काढणारे, गाणारे, लिहिणारे लोक आहेत त्यांच्याशी बोलताना सारखं जाणवतं की वेळ कमी पडला की सगळ्यात आधी हेच दिवस कापले जातात, मग काम चालू राहतं पण त्यात जीव राहत नाही.

चित्रकार वासुदेव गायतोंडे मला यासाठी फार जवळचे वाटतात. १९२४ चा नागपूरचा जन्म, मुंबईत जे. जे. मध्ये शिकले, पुढे दिल्लीत निजामुद्दीनला एका बरसातीत, म्हणजे गच्चीवरच्या खोलीत, एकटे राहिले. २०१३ मध्ये मुंबईतल्या लिलावात त्यांचं एक चित्र २३ कोटी ७० लाखांना गेलं तेव्हा सगळीकडे तोच आकडा फिरत होता, ते स्वतः मात्र २००१ मध्येच गेले होते. माझ्या लक्षात त्यांचा दुसरा आकडा राहतो. वर्षाला पाच-सहा कॅनव्हास. बाकीचं वर्ष ते बसायचे, बघायचे, गाणं ऐकायचे, आणि चित्र सुरू झालं की मग रोलर, पॅलेट नाइफ, रंगाचा थर द्यायचा, खरवडायचा, परत द्यायचा, त्यात कुठेही हयगय नाही. त्यांच्या चित्रासमोर उभं राहिलं की रंगाच्या मागे अजून रंग आहे आणि त्याच्याही मागे काहीतरी थांबलंय असं वाटतं, आणि तो बसलेला वेळच आपल्याला दिसतोय अशी माझी तरी पक्की समजूत आहे.

आता बसणं म्हणजे काय याबद्दल मी जरा हट्टी आहे. थकून पडणं वेगळं, ती शरीराची गरज. सुट्टी वेगळी, सुट्टीत कुठे जायचं काय खायचं सगळं ठरलेलं असतं. मी म्हणतेय ते बसणं असं की काम डोक्यात गेलेलं आहे, गोष्टीतली माणसं ओळखीची झालीयेत, पण त्यांच्याकडे बघायचं नाही, मुद्दाम दुसरीकडे बघत राहायचं. मागे एका गोष्टीत एक म्हातारी आणि तिची शेळी होती. पहिल्या दिवशी जे सुचलं ते कुणालाही सुचलं असतं, म्हातारी काठी टेकत चाललीये आणि बाजूला शेळी. काढून ठेवलं, बाजूला सारलं. मग बरेच दिवस काही नाही. एका संध्याकाळी मेथी निवडत बसले होते आणि एकदम दिसलं की शेळी पुढे आहे, दोरी ताणलेली आहे, आणि म्हातारी चित्रात नाहीच, फक्त दोरी धरलेला तिचा हात कागदाच्या कडेने आत आलाय. त्या क्षणी अख्खं पुस्तक ठरलं, म्हातारीचा चेहरा शेवटच्या पानापर्यंत दाखवायचा नाही. हे मी टेबलाशी बसून, पेन्सिल हातात घेऊन, ठरवून कधीच ठरवू शकले नसते. पण गोष्ट आधी पन्नासदा वाचलेली नसती तर मेथी निवडताना नुसती मेथीच निवडून झाली असती, हेही तितकंच खरं.

म्हणजे आधी भरावं लागतं, मग सोडून द्यावं लागतं. फ्रेंच गणितज्ञ आंरी प्वँकारे यांनी १९०८ मध्ये एका व्याख्यानात स्वतःचा अनुभव सांगितलाय तो याच्याशी इतका जुळतो की गणितातलं ओ की ठो कळत नसूनही मी तो परत परत वाचलाय. पंधरा दिवस ते एका प्रश्नाशी झटत होते, रोज टेबलाशी तास-दोन तास. पुढे भूगर्भशास्त्राच्या एका सहलीला गेले, प्रवासात गणित विसरून गेले, आणि कुतांस नावाच्या गावी घोड्यांच्या बसच्या पायरीवर पाऊल टाकलं त्याच क्षणी, मनात त्याबद्दल काही चालू नसताना, उत्तर समोर आलं. मला सगळ्यात आवडतं ते पुढचं. त्यांनी ते तिथे पडताळून पाहिलं नाही, बसमध्ये चढून चालू असलेल्या गप्पा पुढे चालू ठेवल्या, आणि घरी परतल्यावर सावकाश तपासलं. केवढा विश्वास लागतो त्याला.

हल्ली मेंदूवाले लोकही याबद्दल बोलतात. २००१ मध्ये मार्कस राइकल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दाखवलं की माणूस ठरावीक काम करत नसतो, नुसता पडलेला असतो, तेव्हा मेंदूचे काही भाग कामाच्या वेळेपेक्षा जास्त जागे असतात. वजनाच्या मानाने शरीराचा जेमतेम दोन टक्के असलेला हा अवयव वीस टक्के ऊर्जा खातो, आणि आपण एखाद्या कामात डोकं घातलं की त्यात वाढ होते ती अगदी थोडी. म्हणजे आत काहीतरी कायम चालूच असतं. हे वाचून बरं वाटलं, पण खरं सांगायचं तर कलावंताला यासाठी मशीनच्या पुराव्याची गरज पडू नये.

यावर माझा एक कवी मित्र लगेच गदिमांचं उदाहरण देतो. अगं डेडलाइन नसती तर गीतरामायण झालं असतं का? त्याचं म्हणणं सोडून देण्यासारखं नाही. १ एप्रिल १९५५ ला, रामनवमीला, पुणे आकाशवाणीवरून पहिलं गाणं लागलं आणि वर्षभर दर आठवड्याला नवं गाणं द्यायचं, सुधीर फडक्यांनी चाल लावायची, गायक शोधायचे, अशी छप्पन्न गाणी. तिथे खिडकीत बसायला सवड कुठली. पण मी त्याला म्हणते, अरे ते वर्ष एकटं बघू नकोस. गदिमा तेव्हा पस्तिशीत होते आणि माणदेशातल्या ओव्या, कीर्तनं, पोथ्या, तमाशे, भूपाळ्या असं सगळं लहानपणापासून कानात साठत आलं होतं, त्याचं काय करायचं हे कुणी तेव्हा विचारलं नव्हतं. डेडलाइनने ते बाहेर काढलं. साठवलं मात्र दुसऱ्या कशाने. आमचा हा वाद काही मिटत नाही आणि मला तो मिटायला नकोही आहे, कारण त्याच्यामुळे मी ताळ्यावर राहते. तारीख वाईट नसते. सगळं आयुष्यच तारखांचं झालं तर पुढच्या तारखेला द्यायचं काय, हा प्रश्न आहे.

मातीकाम करणारी एक मैत्रीण आहे, तिच्याकडे गेलं की या सगळ्याला फार सोपं उत्तर मिळतं. माती भिजवली, मळली की ती मुरायला ठेवायची, जितकी मुरेल तितकी हाताला ऐकते. चाकावरून भांडं उतरवलं की लगेच त्याचा बुडखा तासता येत नाही, ते थोडं आवळावं लागतं. मग परत वाळवणं, तेही सावलीत, सावकाश, एका बाजूने लवकर वाळलं तर तडा जातो. आणि आत ओल राहिलेलं भांडं भट्टीत गेलं तर त्या पाण्याची वाफ होऊन ते फुटतं, शेजारच्या दोन भांड्यांना घेऊन फुटतं. पावसाळ्यात तर पुण्याच्या हवेत सगळंच लांबतं. तिला ऑर्डर देणारे लोक हे निमूटपणे ऐकून घेतात, कारण माती दिसते, ओल हाताला लागते. माझ्या डोक्यातली ओल कुणाला दाखवू?

पुण्याची दुपारची झोप आणि एक ते चार बंद दुकानं यांची सगळ्या महाराष्ट्राने थट्टा केलीये, पण मी नारायण पेठेतल्या वाड्यात वाढले आणि मला त्या दुपारी चांगल्या आठवतात. पुरुष जेवून आडवे व्हायचे. आई, काकू, शेजारच्या बायका ओसरीवर यायच्या आणि तिथे वाती वळणं, तांदूळ निवडणं, कुणाच्या तरी फ्रॉकला टीप घालणं चालू असायचं. बायकांची दुपार हात रिकामे ठेवून कधीच नव्हती. मी नुसती बसलेली दिसले की आई म्हणायची, नुसती काय बसलीयेस, हे घे, आणि मांडीवर काहीतरी यायचं. तेव्हा राग यायचा. कलावंतांच्या निवांतपणाबद्दल आपण जे काही वाचतो ना, ते बहुतेक अशा माणसांचं असतं ज्यांचा चहा दुसरं कुणीतरी करत होतं, ही गोष्ट टाळून या विषयावर बोलायला मला आवडत नाही.

आणि तरीही, तरीही! ओव्या बघा ना. माझी आजी मुळशीकडची, पहाटे उठून जात्यावर बसायची. हात कामात, शरीर घामाघूम, पण मन मोकळं, त्याच्यावर सासू-सासऱ्याचं राज्य नाही, आणि त्या मोकळ्या मनात ओवी यायची. भावाबद्दल, माहेरच्या वाटेबद्दल, विठ्ठलाबद्दल, नवऱ्याच्या मारहाणीबद्दलसुद्धा. पुण्यातूनच हेमा राईरकर आणि गी पॉइतवँ यांनी गावोगाव फिरून या ओव्या गोळा करायचं काम उभं केलं, हजाराहून जास्त गावं, लाखाहून जास्त ओव्या, आणि आता त्या पारी म्हणजे पीपल्स आर्काइव्ह ऑफ रूरल इंडियाच्या साइटवर ऐकता येतात. लाख ओव्या! कुणाच्याही नावावर पुस्तक नाही, कुणालाही कुणी निवांत वेळ दिला नव्हता. खानदेशात बहिणाबाई चौधरी शेतात, घरात, जात्यावर राबतानाच रचत होत्या, लिहिता येत नव्हतं, मुलाने आणि नातेवाइकांनी उतरवून ठेवलं म्हणून १९५२ मध्ये त्यांच्या मृत्यूनंतर पुस्तक आलं. म्हणून मला वाटतं की रिकामे हात ही अट नाहीये. अट ही आहे की मनावर त्या वेळी कुणाचा हुकूम नको.

गावोगाव पिठाच्या गिरण्या आल्या आणि जाती माळ्यावर गेली, पालथी पडली, अंगणात पायरी झाली. त्यासोबत ओव्या थांबल्या. आता यावर हळहळायचं कसं? आजीच्या खांद्याचं दुखणं मी बघितलंय, तिला परत जात्यावर बसवा असं कोण माणूस म्हणेल. गिरणी यायलाच हवी होती. पण गिरणीने वाचवलेला तो पहाटेचा वेळ आजीच्या सुनेला मिळाला का, की तो दुसऱ्या कामांनी गिळला? आईला विचारलं तर ती हसली नाही, थोडा वेळ थांबली आणि म्हणाली, “मला कुठे मिळाला गं.”

सक्तीने मिळालेल्या रिकामपणाचं सगळ्यात मोठं उदाहरण कुमार गंधर्वांचं. लहान वयात गाजलेला गायक, विशीत क्षयरोग, १९४८ मध्ये हवापालटासाठी देवासला गेले आणि जवळजवळ पाच वर्षं गाणं बंद. डॉक्टरांची सक्त मनाई. अंथरुणावर पडल्या पडल्या कानावर पडत राहिली ती माळव्यातली बायकांची गाणी, फिरस्त्या भजनवाल्यांची निर्गुणी भजनं. गाता येत नाही म्हणून ते ऐकत राहिले, आणि नुसतं कानाने नाही, त्या तीन-चार सुरांच्या धुनांमधे राग कुठे लपलाय ते शोधत राहिले. बरे होऊन परत मैफलीत बसले तेव्हा गाणंच बदललं होतं, दमसास वेगळा, लहान लहान तुकड्यांत धारदार सुर. पुढे मालवती, लगनगंधार, सहेली तोडी असे लोकधुनांतून वर आलेले राग त्यांनी मांडले, १९६५ मध्ये अनुपरागविलास आला. आजार चांगला असतो असं मला मुळीच म्हणायचं नाहीये, कितीतरी लोक त्याच आजाराने त्याच काळात मेले. आणि पत्नी भानुमतीताईंनी नोकरी करून घर आणि शुश्रूषा सांभाळली नसती तर ती पाच वर्षं निघालीच नसती. पण ज्याला फक्त गायचंच माहीत होतं त्या माणसाला पहिल्यांदा पूर्ण वेळ नुसतं ऐकायला मिळालं, आणि ते केवढ्या मोलाचं ठरलं!

माझ्या स्वतःच्या बाबतीत हा ऐकण्याचा वेळ फोनने खाल्लाय, हे लपवण्यात अर्थ नाही. पूर्वी रिक्षा मिळेपर्यंत, दूध तापेपर्यंत, बँकेत नंबर येईपर्यंत जे फुकटचे तुकडे मिळायचे ते सगळे आता त्या काचेत जातात. आजीच्या जात्यासारखंच हाताला काम मिळतं, पण मन मोकळं राहत नाही. त्यावर कुणी काय उपाय करावा हे मी सांगणार नाही, मी फक्त चालायला जाताना फोन घरी ठेवते.

जाते कुठे, हा मात्र मोठा प्रश्न झालाय. अरुण कोलटकर मुंबईत काळा घोड्यापाशी वेसाइड इनमध्ये वर्षानुवर्षं खिडकीशी बसले. जाहिरातीच्या धंद्यातला निष्णात माणूस, त्या टेबलावरून रस्त्यावरचे भिकारी, कुत्री, झाडूवाल्या, इडलीवाली बघत राहिला आणि त्या कविता पुस्तकात आल्या २००४ मध्ये, ज्या वर्षी ते इथे पुण्यात वारले. जेजुरीला ते साठच्या दशकात गेले होते, त्यावरचं ‘जेजुरी’ हे कवितांचं पुस्तक १९७६ चं. त्यांना कुणी विचारलं असेल का, अहो कधी होणार? असं एक टेबल, एक कप चहावर तासभर बसू देणारं, मिळणं ही शहराची श्रीमंती असते. आपल्याकडेही इराणी हॉटेलं होती, त्यातली बरीच गेली. वाड्याचा ओटा गेला, तिथे पार्किंग आलं. पार होते, काही अजून आहेत. लॉ कॉलेज रोडला जुन्या प्रभात स्टुडिओच्या जागेत, आत्ताच्या एफटीआयआय या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये, एक आंब्याचं झाड आहे, त्याला विज्डम ट्री म्हणतात, साठच्या दशकात सिनेमा दिग्दर्शक ऋत्विक घटक तिथे शिकवायचे ते वर्गापेक्षा त्या झाडाखाली जास्त, असं तिथली मुलं अजून सांगतात. मणी कौल, कुमार शहानी त्यांचे विद्यार्थी. एका झाडाखालच्या गप्पांतून केवढा सिनेमा निघाला.

टेकड्या आहेत म्हणून पुणं अजून पुणं आहे. वेताळ टेकडीतून रस्ता आणि बोगदे काढायच्या प्रस्तावाविरुद्ध २०२३ मध्ये लोक मोठ्या संख्येने उतरले, मीही गेले होते. भूजल, झाडं, पक्षी, सगळे मुद्दे बरोबर होते आणि नीट मांडले गेले. मला त्यात अजून एक घालायचा होता, की या शहरात काहीही विकत न घेता तासभर बसता येईल अशा जागा किती उरल्यात ते बघा.

कारण टेकडी सगळ्यांना जमत नाही. आमच्या इमारतीत कामाला येणाऱ्या मावशींना दुपारी दीड ते अडीच मोकळे असतात, एक घर संपून दुसरं सुरू होईपर्यंत. घर लांब आहे, परत जाऊन येणं परवडत नाही. त्या जिन्याखाली बसतात. जेवण पोचवणारी मुलं गाडीवरच वाकून बसलेली असतात. कोपऱ्यावर चांगली मोठी बाग आहे, बाकं आहेत, कडुलिंबाची सावली आहे, आणि ती सकाळी अकराला बंद होते ती थेट चारला उघडते. म्हणजे ज्यांना दुपारची सावली हवी त्यांनाच नेमकी बंद.

तर मी एक अर्ज लिहिलाय. सोसायटीतल्या लोकांच्या, वॉचमन काकांच्या, मावशींच्या आणि गाडीवरच्या काही मुलांच्या सह्या घेतल्या, बाग दुपारी उघडी ठेवा एवढीच मागणी. ऑफिसात नेऊन दिला तेव्हा टेबलापलीकडच्या साहेबांनी शांतपणे वाचला आणि विचारलं, तिथे दुपारी कार्यक्रम कसला करणार आहात? मी म्हटलं, कार्यक्रम नाही, लोकांना बसायचंय. त्यांनी तसं अर्जावर लिहून द्यायला सांगितलं, मी लिहून दिलं. पुढच्या सोमवारी परत बोलावलंय. मावशी म्हणाल्या, तुम्ही दीडनंतरची वेळ घ्या, मीपण येते.